वादळानंतर उभं राहिलेलं हॉटेल: बिलक्सीच्या कॅसिनोंचा इतिहास कसा शोधायचा

नकाशावरून वाचणारे बिलॉक्सी म्हणतात, गावातली माणसं बिलक्सी म्हणतात. मीही तसंच म्हणते. अलाबामातल्या आमच्या मोबीलहून मिसिसिपीतलं हे गाव तासाभराच्या अंतरावर आहे. मी तिथे पहिल्यांदा गेले ती २००५ च्या सप्टेंबरअखेर, कामासाठी. मी स्ट्रक्चरल इंजिनिअर आहे. कॅटरिना चक्रीवादळात सापडलेल्या इमारती तपासायला आम्हाला पाठवलं होतं. हायवे ९० ला समुद्र दक्षिणेला आहे, आणि मला रस्त्याच्या उत्तरेला एक अख्खा कॅसिनो बसलेला दिसला. भिंती फाटलेल्या होत्या, पण तो कोसळलेला नव्हता. तो चालत आल्यासारखा तिथे आला होता.

तेव्हापासून या किनाऱ्यावरच्या हॉटेलांची एक फाइल मी ठेवते. आमच्याकडे उतरणाऱ्या पाहुण्यांना मी बिलक्सीला घेऊन जाते, आणि आता बरेच जण विचारतात की आम्ही स्वतःच गेलो तर काय बघायचं, कुठून सुरू करायचं. त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. उदाहरण म्हणून बो रिव्हाज हे कॅसिनो-हॉटेल घेते, कारण ते सगळ्यांत उंच आहे आणि शोधायला सोपं. आंतरराज्य ११० हा रस्ता हायवे ९० ला मिळतो तिथेच ते उभं आहे.

सुरुवात हॉटेलच्या लॉबीत करू नका, कायद्यापासून करा. हे रुक्ष वाटेल, पण कायदा वाचल्याशिवाय इथली एकही भिंत कळत नाही. १९९० साली मिसिसिपीच्या विधिमंडळाने कॅसिनोला परवानगी दिली ती जमिनीवर नव्हे, तर मिसिसिपी नदीवर किंवा गल्फच्या, म्हणजे मेक्सिकोच्या आखाताच्या, किनाऱ्यालगत पाण्यावर, आणि तीही त्या काउंटीतल्या मतदारांची ना नसेल तर. १ ऑगस्ट १९९२ ला आइल ऑफ काप्री हा इथला पहिला कॅसिनो उघडला. सुरुवातीला खऱ्या बोटी होत्या. मग लोकांच्या लक्षात आलं की पाण्यावर असणं एवढीच अट आहे, बोटीसारखं दिसण्याची नाही. तेव्हा मोठमोठे बार्ज, म्हणजे सपाट तळाचे तरंगते तराफे, आणून त्यांच्यावर इमारती चढवल्या गेल्या. हॉटेलचा टॉवर जमिनीवर, कॅसिनो बार्जवर, आणि दोन्हींमधला जोड इतका सफाईदार की गालिच्यावरून चालणाऱ्याला आपण जमीन कुठे सोडली ते कळू नये.

बो रिव्हाज याच पद्धतीचं. कॅसिनो उद्योजक स्टीव्ह विन यांच्या मिराज रिसॉर्ट्सने ते बांधलं आणि १६ मार्च १९९९ ला उघडलं. बत्तीस मजले, सतराशेहून जास्त खोल्या. नाव फ्रेंच आहे, अर्थ सुंदर किनारा. पुढच्याच वर्षी मिराज रिसॉर्ट्स कंपनीच एमजीएम या दुसऱ्या कॅसिनो कंपनीकडे गेली.

तुमच्या वहीत पहिल्या पानावर किनाऱ्याची एक आडवी रेघ काढा. खाली समुद्र, वर जमीन. टॉवर रेघेच्या वर आणि कॅसिनो रेघेच्या खाली दाखवा. पुढचं सगळं या रेघेभोवती घडतं.

आता पाणी. माझी पहिली चूक इथेच झाली होती. चक्रीवादळ म्हटल्यावर माझ्या डोक्यात वारा होता आणि मी छपरं बघत फिरत होते. आमच्या गटातल्या एका वयस्क तपासनिसाने मला दुसऱ्या दिवशी थांबवलं आणि सांगितलं, वर बघू नकोस, आधी पाण्याची रेघ शोध. भिंतीवरचा चिखलाचा पट्टा, जाळीत अडकलेलं गवत, झाडाच्या सालीवरचे ओरखडे. त्या किनाऱ्यावर ही रेघ फार महागाची होती. घराच्या साध्या विम्यात वाऱ्याचं नुकसान धरलेलं असायचं आणि पुराचं वगळलेलं, त्यामुळे घर वाऱ्याने गेलं की पाण्याने, यावर पुढे वर्षानुवर्षं खटले चालले. माणसांच्या आयुष्याची जमापुंजी त्या चिखलाच्या पट्ट्याच्या उंचीवर ठरत होती.

कॅटरिना २९ ऑगस्ट २००५ ला, सोमवारी सकाळी, आधी लुइझियानात बुरासजवळ आणि मग मिसिसिपीच्या सीमेवर पर्ल नदीच्या मुखाशी जमिनीवर आलं. तेव्हा ते, वाऱ्याच्या वेगावरून ठरणाऱ्या पाच श्रेणींपैकी, तिसऱ्या श्रेणीचं होतं. आदल्या दिवशी समुद्रात ते पाचव्या श्रेणीचं होतं, आणि वारा थोडा मंदावला तरी तोवर लोटलेलं पाणी काही मागे जात नाही. त्यात ते पसरलेलं फार होतं, किनाऱ्याजवळचा समुद्र उथळ, आणि बिलक्सी वादळाच्या केंद्राच्या पूर्वेला, म्हणजे जिथे वारा समुद्राकडून जमिनीकडे ढकलतो त्या बाजूला. बिलक्सीच्या पश्चिमेच्या पास क्रिश्चियन गावी पाणी २७.८ फुटांवर मोजलं गेलं. गल्फपोर्टपासून पूर्वेकडच्या किनाऱ्यावर, ज्यात बिलक्सी येतं, राष्ट्रीय हरिकेन केंद्राच्या अहवालात १७ ते २२ फूट नोंदलेलं आहे. वर उसळणाऱ्या लाटा यात धरलेल्या नाहीत.

हे आकडे नुसते उतरवून घेऊ नका, १९६९ च्या शेजारी ठेवा. त्या वर्षी ऑगस्टमध्ये कॅमिल आलं होतं, पाचव्या श्रेणीचं, आणि पास क्रिश्चियनला त्याने २४ फुटांच्या वर पाणी चढवलं होतं. छत्तीस वर्षं हा किनारा कॅमिलच्या मापाने विचार करत राहिला. कॅमिलमध्ये आमच्या पायरीला पाणी लागलं नाही, म्हणून २००५ मध्ये घर सोडलं नाही, असं सांगणारी माणसं मला भेटली आहेत. मिसिसिपीत २३८ मृत्यूंची नोंद आहे. या किनाऱ्याबद्दल लिहिताना हा आकडा हॉटेलच्या खोल्यांच्या आकड्याआधी यायला हवा, असं मला मनापासून वाटतं.

बार्जचं काय झालं ते आता सोपं आहे. बार्ज तरंगतो, म्हणून पाण्याबरोबर वर चढतो. त्याला जागेवर धरणारे खांब आणि साखळ्या ठरावीक उंचीपर्यंतच धरतात. पाणी त्याच्या वर गेलं की हजारो टनांची इमारत मोकळी होते आणि पाणी जाईल तिकडे जाते. ग्रँड कॅसिनोचा बार्ज रस्ता ओलांडून आला आणि १८५६ सालचा टुलिस-टोलेडानो वाडा त्याच्याखाली गेला. फ्रँक गेरी यांनी आराखडा केलेलं ओर-ओकीफ संग्रहालय तेव्हा बांधून होत होतं, त्यावरही बार्ज आदळला. ते पुढे २०१० मध्ये उघडलं. बो रिव्हाजचा बार्ज मात्र जागीच राहिला. तिथे खालचे मजले पाण्याने आतून खरवडून नेले आणि वरचा टॉवर उभा राहिला. म्हणूनच ते दुरुस्त करता आलं. पुनर्बांधणी हा शब्द सगळ्यांना सरसकट लावला जातो, तो लावण्याआधी प्रत्येक हॉटेलचं नेमकं काय उरलं होतं ते विचारा.

वहीच्या पहिल्या पानावर काढलेली रेघ आठवते? १७ ऑक्टोबर २००५ ला, म्हणजे वादळानंतर सात आठवड्यांत, गव्हर्नर हेली बार्बर यांनी नव्या कायद्यावर सही केली. आता कॅसिनोला भरतीच्या सरासरी रेषेपासून ८०० फूट आत जमिनीवर यायची मुभा मिळाली. ज्या अटीने त्यांना पाण्यावर ठेवलं होतं, ती अट निघाली. वहीत तुमच्या रेघेच्या वर ८०० फुटांवर दुसरी रेघ काढा, आणि आजच्या नकाशावर कोणता कॅसिनो कुठे आहे ते टिंबांनी दाखवा. शाळेतल्या मुलांबरोबर केलं तरी चालतं, माझ्या मुलाबरोबर मी केलं होतं.

उघडण्याच्या तारखा जमवताना एक काळजी घ्या. प्रत्येक हॉटेलची एक शांतपणे दार उघडल्याची तारीख असते आणि एक समारंभाची, आणि जाहिरातीत दुसरीच राहते. २००५ च्या डिसेंबरमध्ये बिलक्सीतले तीन कॅसिनो सुरू झाले. त्यांतलं इम्पीरियल पॅलेस मागच्या खाडीवर, बॅक बेच्या बाजूला आहे, उघड्या समुद्रावर नाही. बो रिव्हाजने वादळाला बरोबर वर्ष झालं तोच दिवस निवडला, २९ ऑगस्ट २००६. सुमारे ५५ कोटी डॉलर खर्च झाले असं तेव्हा छापून आलं. हार्ड रॉकची गोष्ट वेगळी: ते वादळाच्याच आठवड्यात पहिल्यांदा उघडायचं होतं. कॅसिनोचा बार्ज गेला, दारातली ११२ फुटी गिटार उभी राहिली, आणि हॉटेल २००७ च्या उन्हाळ्यात सुरू झालं. कॅसिनो मॅजिक परत उघडलंच नाही. जी परतली नाहीत त्यांच्यासाठीही एक पान ठेवा. ते पान कोणत्याच माहितीपत्रकात सापडणार नाही.

नावांची साखळी लिहून ठेवा, नाहीतर जुनी कात्रणं हाती लागणार नाहीत. आइल ऑफ काप्रीचं आता गोल्डन नगेट झालं आहे, ग्रँडचं हॅराज गल्फ कोस्ट, इम्पीरियल पॅलेसचं नुसतं आयपी. बो रिव्हाजचं नाव टिकलं, पण ते चालवणाऱ्या कंपनीचं नाव एमजीएम ग्रँड, एमजीएम मिराज, एमजीएम रिसॉर्ट्स असं बदलत गेलं.

घरबसल्या काय मिळतं? पुष्कळ. नोआने, म्हणजे अमेरिकेच्या सागर आणि हवामान संस्थेने, वादळाच्या दुसऱ्या दिवसापासून विमानातून काढलेले फोटो सगळ्यांना खुले आहेत. अमेरिकी भूगर्भ सर्वेक्षणाचे तिरक्या कोनातले आधीचे आणि नंतरचे फोटो तर एकाशेजारी एक ठेवून बघावेत. बार्ज कुठून कुठे गेला ते बोटाने दाखवता येतं. सन हेराल्ड हे तिथलं वर्तमानपत्र, कॅटरिनाच्या वार्तांकनासाठी त्याला २००६ चं लोकसेवेचं पुलित्झर मिळालं. त्याचे सप्टेंबर २००५ चे अंक वाचा. कंपनीने शेअर बाजाराच्या नियामकाकडे दिलेले वार्षिक अहवालही बघा. त्यांत विम्याचे पैसे किती आले आणि हॉटेल किती दिवस बंद होतं ते लिहावंच लागतं. भाषा कोरडी आहे, पण तिथे नटवून लिहायला वाव नसतो.

प्रत्यक्ष जाल तेव्हा सकाळी दीपगृहापासून सुरू करा. १८४८ चं ओतीव लोखंडाचं बिलक्सी दीपगृह हायवे ९० च्या अगदी मधोमध, दोन दिशांच्या रस्त्यांमधल्या पट्ट्यात आहे. आत जिन्याच्या भिंतीवर जुन्या वादळांच्या पाण्याच्या खुणा दाखवतात. कॅमिलची खूण आणि कॅटरिनाची खूण यांच्यातल्या पायऱ्या मोजा. मग रस्त्याने पूर्वेकडे या. दुभाजकात मेलेल्या ओकच्या खोडांतून कोरलेले पक्षी आणि डॉल्फिन दिसतील. खाऱ्या पाण्याने झाडं मेली, शिल्पकारांनी ती तोडू न देता करवतीने घडवली. पुढे टाउन ग्रीनवर काळ्या ग्रॅनाइटची बारा फुटांची स्मारकभिंत आहे. तिची उंची म्हणजे त्या जागी चढलेलं पाणी. तिथे पाठ लावून उभे राहा आणि कोणाला तरी फोटो काढायला सांगा. मग तसेच वळून बो रिव्हाजकडे बघा, आणि तीच उंची नजरेने त्याच्या खालच्या मजल्यांवर धरा. मगच आत जा. जुन्या ओकच्या रांगेतून गाडीरस्ता दारापर्यंत जातो.

आत गेल्यावर कॅसिनोत थांबायची गरज नाही. मी आजवर एकही नाणं टाकलेलं नाही. मी कामगारांशी बोलते. त्यांच्या कामाच्या वेळेत नाही, आधी विचारून, बाहेर, कॉफी घेत. एका कॅसिनोच्या कार्यालयात मी इतिहास विचारायला गेले होते तेव्हा मला चकचकीत पुस्तिका मिळाली, त्यात २००५ साठी दोन ओळी होत्या. त्याच संध्याकाळी तिथे खोल्या आवरणाऱ्या एका बाईंनी मला दोन तास दिले. त्या पूर्व बिलक्सीतल्या व्हिएतनामी वस्तीतल्या. नवरा कोळंबीच्या बोटीवर. वादळाने घर, बोट आणि नोकरी एकाच सकाळी गेली. हॉटेल परत उघडणार हे कळलं तेव्हा त्या सरकारने दिलेल्या ट्रेलरमध्ये राहत होत्या. मी त्यांना विचारलं, वर्षाच्या दिवशी उघडलं तेव्हा कसं वाटलं. त्या म्हणाल्या, त्या दिवशी शहरात प्रार्थना होत्या, मला जायचं होतं, पण माझी कामाची पाळी होती.

असे प्रश्न विचारताना घाई करू नका, आणि नाव छापू का असं प्रत्येकाला विचारा. दक्षिण मिसिसिपी विद्यापीठाच्या मौखिक इतिहास केंद्रात कॅटरिनाच्या मुलाखती जपून ठेवल्या आहेत. जाण्याआधी त्यांतल्या दोन-तीन वाचल्यात तर काय विचारायचं आणि कुठे गप्प राहायचं ते कळेल.

परत आल्यावर प्रत्येक फोटोमागे तारीख, जागा आणि कोणत्या दिशेला तोंड करून काढला ते लिहा. त्या किनाऱ्यावर खुणा बदलतात. मी २००५ मध्ये चिखलाच्या पट्ट्याचा फोटो काढला होता त्या भिंतीचा आता मागमूस नाही, आणि माझ्या फोटोमागे दिशा लिहिलेली नव्हती. ती जागा मी अजून शोधते आहे.