फॅन्टसी जगासाठी काळाची थिअरी कशी रचायची

फॅन्टसी लिहायला घेतली की बरेच जण काळाबद्दल पहिलं वाक्य लिहितात ते म्हणजे "काळ हे एक चक्र आहे", आणि मग पानंच्या पानं दाढीवाले ऋषी तेच फिरवून फिरवून सांगत बसतात. ही थिअरी नाहीये हो, सुविचार आहे. थिअरीतून काहीतरी आकडा निघायला पाहिजे, आणि तो चुकूही शकला पाहिजे, नाहीतर तुमच्या जगातल्या शास्त्रज्ञांना कामच काय उरणार.

म्हणून आधी घड्याळ ठरवा, तत्त्वज्ञान नंतर. मला विचाराल तर आपलं घटिकापात्रच घ्या. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडायची, भरून बुडाली की एक घटका झाली, म्हणजे २४ मिनिटं, दिवसाच्या ६० घटका. लग्नाचा मुहूर्त साधायला हेच वापरायचे. मुख्य म्हणजे कुठलंही पात्र ते उचलून डोंगरावर नेऊ शकतं, ते पुढे लागणार आहे.

आता निसर्गाचा एकच नियम बदला, खरंच एकच. समजा, जितकं वर जाल तितका काळ फास्ट. हे अगदीच मनातलं नाहीये, आइनस्टाइनच्या १९१५ च्या थिअरीतून हेच निघतं, आणि २०१० मध्ये अमेरिकेत दोन अॅटॉमिक घड्याळांच्या उंचीत जेमतेम ३३ सेंटिमीटरचा फरक ठेवून ते मोजलंसुद्धा. आपल्याकडे हा फरक इतका बारीक की जन्मभर कळत नाही, तुम्ही तो दणकून वाढवा, गडावर दिवसाला ६० वाट्या बुडतात आणि खाली दरीत फक्त ३०.

मग कागद घेऊन बसा आणि या एका आकड्यामुळे काय काय बिघडतं ते काढा. खरी मजा इथेच आहे आणि लोक नेमकं हेच टाळतात. दरीतल्या माणसाला सूर्य दुप्पट वेगाने पळताना दिसणार, सकाळी भाकरी खाल्ली की पोटातली जिरायच्या आत संध्याकाळ. गडावरून घटकेला दहा घागरी पाणी सुटलं तर खाली घटकेला वीस येऊन आदळणार, म्हणजे ओढा खाली कायम जास्त उधाणलेला. गडावरून कोणी हाक मारली तर ती खाली बरोब्बर एक सप्तक वर, चिरक्या आवाजात आणि भराभर ऐकू येणार, आणि खालून दिलेला ओ वर पोचेपर्यंत खर्जात, रेंगाळत. म्हणजे दरीतल्या पोरांना गडावरचे सगळे लोक चिडकेच वाटत असणार ना!

आता पैसा आणा. सावकार गडावर राहतो आणि व्याज वर्षावर लावतो. वर्ष सूर्यावरून मोजायचं, ते दोघांनाही एकच, पण दरीतल्या शेतकऱ्याच्या हाताला त्या वर्षात काम करायला निम्म्याच घटका मिळतात. तो म्हणणार व्याज घटकेवर लावा, सावकार कशाला ऐकतोय. घड्याळावरून अशी भांडणं खोटी वाटायला नकोत, १९०६ मध्ये भारताची प्रमाणवेळ आली तरी मुंबई महापालिकेने ३९ मिनिटं मागे असलेला बॉम्बे टाइम १९५५ पर्यंत सोडला नव्हता.

एवढं झालं की मग विद्वान, आणि कमीत कमी दोन पंथ पाहिजेत. एक म्हणतो काळ उंचीवर ठरतो, दुसरा म्हणतो उंचीचा काही संबंध नाही, भोवती दगड किती यावर ठरतो, जितके जास्त दगड तितका काळ स्लो. उताराच्या मध्यावर दोघांचंही उत्तर ४५ वाट्या, त्यामुळे भांडण मिटत नाही. मग कोणीतरी घंगाळ घेऊन गडावरच्या खोल विहिरीत उतरतं. पहिल्या पंथाच्या हिशोबाने तळाशी ५० यायला पाहिजेत, दुसऱ्याच्या हिशोबाने त्याहून खूप कमी, आणि येतात ६२. हे ६२ तुम्हीसुद्धा लगेच सोडवू नका. न्यूटनच्या गणितात बुधाच्या कक्षेचा शतकाला ४३ विकलांचा (विकला म्हणजे एका अंशाचा ३६०० वा भाग) फरक असाच उरला होता, त्यासाठी लोकांनी व्हल्कन नावाचा ग्रह कल्पून आकाशात शोधला, तो कधी सापडलाच नाही आणि उत्तर थेट १९१५ मध्ये मिळालं. तुमच्या पंथांनाही असा एखादा व्हल्कन शोधत बसू दे.

एककांना चित्रविचित्र नावं देत बसू नका, वाचक विसरतो. एककं समान असायलाच पाहिजेत असंही नाही, आपलीच तिथी कधी १९ तासांच्या आसपास तर कधी २६ पर्यंत जाते आणि तरी पंचांग व्यवस्थित चालतं. आणि भूतकाळात जायची सोय शक्यतो ठेवूच नका, ती ठेवली की प्रत्येक संकटावर वाचक विचारणार मागे जाऊन निस्तरत का नाही, आणि तुम्ही उत्तरं देत बसणार.

शेवटी ही थिअरी विद्वानांच्या तोंडून वदवण्यापेक्षा घरात घुसवा. दरीतलं कर्जबाजारी घर काय करेल, तर धाकट्याला गडावर कामाला धाडेल, कारण एका हप्त्यापासून दुसऱ्यापर्यंत तिथे दुप्पट राबता येतं. बारा वर्षांचा पोरगा वर गेला, खाली सहा वर्षं जगून झाली तेवढ्यात तो बारा जगला, चोविशीचा होऊन दाढीमिशांसकट परत आला, आणि दारात वीस वर्षांचा थोरला उभा. आता वाकून नमस्कार कोणी कोणाला करायचा आणि आधी लग्न कोणाचं लावायचं, यावर आईशी वाद घालणारा पहिला प्रसंग लिहून काढा.