कॉम्प्युटरवरून गेम कायमचे काढताना या चुका टाळा

गेल्या महिन्यात दाजींचा फोन आला. "सगळे गेम उडवले रे, तरी कॉम्प्युटर जागाच नाही म्हणतोय. तूच येऊन बघ एकदा." भाचा दहावीत गेला होता, म्हणून घरात साफसफाई सुरू होती. रविवारी गेलो. डेस्कटॉप अगदी स्वच्छ, एकही गेम दिसत नव्हता. 'धिस पीसी' उघडलं तर सी ड्राइव्हची पट्टी लालभडक. २४० जीबीची एसएसडी विंडोजमध्ये २२३ जीबी दिसते, त्यातले जेमतेम ३ जीबी शिल्लक होते. दाजींनी अकरा आयकॉन एकेक करून रिसायकल बिनमध्ये टाकले होते. गेम मात्र बहुतेक जिथल्या तिथे बसलेले.

लोकांचे कॉम्प्युटर नीट करून देता देता मला ही चूक इतक्यांदा दिसली आहे, की आता कुणी "गेम काढला" म्हटलं की मी आधी विचारतो, कसा काढला? एवढी एक गोष्ट लक्षात ठेवली तर निम्मा त्रास वाचतो: गेम ज्या वाटेनं आत आला, त्याच वाटेनं त्याला बाहेर काढायचं. लाँचरनं (म्हणजे स्टीम, एपिकसारख्या गेम आणून देणाऱ्या ॲपनं) आणला असेल तर लाँचरमधून, मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून आला असेल तर विंडोजच्या यादीतून, पेन ड्राइव्हवरून आला असेल तर हातानं. वाट चुकली की काहीतरी मागे राहतंच.

आयकॉन पुसला म्हणजे गेम गेला

डेस्कटॉपवरच्या आयकॉनच्या कोपऱ्यात बारीक बाण दिसतो ना, तो शॉर्टकट. दारावरच्या पाटीसारखा. पाटी काढली म्हणून घर रिकामं होत नाही. हा शॉर्टकट असतो दोनेक केबीचा आणि त्यामागचा गेम असतो ६०, ८०, कधी शंभर जीबीच्याही पुढचा.

खरी यादी विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, ॲप्स, 'इन्स्टॉल्ड ॲप्स' इथे मिळते. विंडोज १० मध्ये तिचं नाव 'ॲप्स अँड फीचर्स'. यादी आकारानुसार लावून घ्या. पण तेवढ्यावर विसंबू नका, कारण लाँचरमधून आलेल्या बऱ्याच गेमसमोर आकड्याची जागा कोरीच असते. जागा नेमकी कशानं खाल्ली ते बघायला मी विझट्री किंवा विनडिरस्टॅट वापरतो. कोणत्या फोल्डरमध्ये किती जीबी आहेत ते दोन्हींत सरळ दिसतं.

थेट फोल्डरच उडवला

थोडी माहिती असलेली माणसं ही चूक करतात. स्टीमच्या फोल्डरमध्ये जातात, 'स्टीमॲप्स', 'कॉमन', तिथे गेमच्या नावाचं फोल्डर दिसतं, ते सिलेक्ट करून डिलीट. बिन रिकामं केलं की जागा मोकळी होते, माणूस खूश.

पण 'स्टीमॲप्स'मध्ये प्रत्येक गेमची एक छोटी नोंद-फाइल असते, 'ॲपमॅनिफेस्ट' या शब्दानं सुरू होणारी. ती तशीच राहते. म्हणजे स्टीमच्या लेखी गेम अजून इन्स्टॉलच आहे. पुढचं अपडेट आलं की डाउनलोड पुन्हा सुरू होऊ शकतं. त्यातच 'वर्कशॉप' आणि 'शेडरकॅश' या शेजारच्या फोल्डरांतला मालही तसाच पडून राहतो. मॉड (गेममध्ये वरून टाकायचे बदल) टाकायची हौस असेल तर वर्कशॉपच कितीतरी जीबीचं निघतं.

योग्य वाट अशी: स्टीम उघडा, लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, 'मॅनेज', 'अनइन्स्टॉल'. एपिकमध्ये गेमशेजारचे तीन ठिपके, तिथेही 'अनइन्स्टॉल'. हे झाल्यावर 'कॉमन'मध्ये त्या नावाचं रिकामं किंवा अर्धवट फोल्डर उरलं असेल, तर ते मग खुशाल हातानं काढा. आधी अनइन्स्टॉल, मग हाताची झाडलोट. हा क्रम उलटा करायचा नाही.

गेमच्या आधी लाँचर काढला

भाच्याच्या कॉम्प्युटरवर दाजींनी एक काम अर्धं बरोबर केलं होतं. स्टीम त्यांनी रीतसर अनइन्स्टॉल केलं होतं. स्टीमच्या स्वतःच्या फोल्डरमधले गेम त्याबरोबर गेले. पण भाच्यानं दुसरी लायब्ररी डी ड्राइव्हवर केली होती आणि तिला स्टीमनं हात लावला नव्हता. आता 'इन्स्टॉल्ड ॲप्स'मध्ये त्या गेमची नावं दिसत होती, पण 'अनइन्स्टॉल' दाबलं की काहीच होत नव्हतं. ते बटण दाबल्यावर काम स्टीमकडे जातं आणि स्टीमच उरलं नव्हतं.

असं झालं असेल तर घाबरू नका. स्टीम पुन्हा टाका, लॉगिन करा, सेटिंग्जमध्ये 'स्टोरेज'मधून डी ड्राइव्हवरची ती जुनी लायब्ररी जोडा. गेम पुन्हा दिसायला लागतात. मग एकेक करून अनइन्स्टॉल करा आणि शेवटी स्टीम काढा.

सेव्ह फाइल न बघता साफसफाई

इथे मात्र मी तुम्हाला थांबवणार आहे, कारण ही चूक माझ्या हातून झाली आहे आणि ती भरून काढता आली नाही.

काही वर्षांपूर्वी शेजारच्यांच्या मुलीचा कॉम्प्युटर साफ करून द्यायला गेलो होतो. आईवडिलांनी सांगितलं, सगळे गेम काढा. मी काढले. 'पूर्ण' काढायचे म्हणून ॲपडेटा या लपलेल्या फोल्डरमध्ये शिरलो, तिथलं माइनक्राफ्टचं फोल्डर सिलेक्ट केलं आणि शिफ्ट-डिलीट केलं, म्हणजे रिसायकल बिनमध्येही न टाकता थेट पुसलं. संध्याकाळी ती मुलगी क्लासहून आली. तिनं आणि तिच्या मैत्रिणीनं मिळून त्या गेममध्ये किल्ला बांधला होता. दिवाळीला अंगणात मातीचा बांधतात तसा, पण बुरुज, तटबंदी, चोरदरवाजा, टाकी, सगळं ठोकळ्या-ठोकळ्यानं रचलेलं. दोन दिवाळ्या त्यात गेल्या होत्या. ती रडली नाही. नुसती स्क्रीनकडे बघत उभी राहिली. ते अजून डोळ्यांसमोर आहे.

म्हणून आता माझा नियम ठरलेला आहे. ज्याचा गेम, त्याला शेजारी बसवायचं आणि विचारायचं, यातलं काय ठेवायचंय? पाच मिनिटं लागतात.

सेव्ह फाइल, म्हणजे खेळ जिथवर आला ते साठवणारी फाइल, बहुधा गेमच्या फोल्डरमध्ये नसते. अनइन्स्टॉलर तिला बहुतेक वेळा मुद्दामच हात लावत नाही. शोधायच्या जागा ठरलेल्या आहेत: डॉक्युमेंट्समधलं 'माय गेम्स', तुमच्या यूजर फोल्डरमधलं 'सेव्ह्ड गेम्स' आणि लपलेलं 'ॲपडेटा'. ॲपडेटा उघडायला विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, इंग्रजीत ॲपडेटा असं एकत्र लिहा, मागेपुढे टक्क्याचं चिन्ह लावा आणि एंटर मारा. त्यानं 'रोमिंग' उघडतं. एक पायरी वर गेलात की 'लोकल' आणि 'लोकललो' दिसतात. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची जगं 'रोमिंग'मध्येच, माइनक्राफ्टच्या फोल्डरमधल्या 'सेव्ह्ज'मध्ये असतात, एका जगाला एक फोल्डर. व्हाइस सिटीचे सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स' नावाच्या फोल्डरमध्ये मिळतात. हवं ते पेन ड्राइव्हवर घ्या, मग उरलेलं पुसा.

डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हला जोडलेलं असेल तर आणखी जपा. इथून पुसलेली फाइल क्लाउडमधूनही जाते. वैयक्तिक खात्यात वनड्राइव्हचं रिसायकल बिन ३० दिवस ती सांभाळतं, त्यानंतर ती गेलीच. स्टीम क्लाउड बऱ्याच गेमचे सेव्ह जपतं, पण सगळ्यांचे नाही. तेव्हा 'क्लाउडवर असेलच' असं धरून चालू नका.

गेम गेला, पण पहारेकरी मागे राहिला

व्हॅलोरंट हा जून २०२० मध्ये आलेला गेम. त्याच्यासोबत 'व्हॅनगार्ड' नावाचा अँटी-चीट येतो. कुणी फसवून खेळू नये म्हणून तो विंडोजच्या अगदी गाभ्यात, कर्नेलच्या पातळीवर चालतो आणि कॉम्प्युटर चालू होतानाच जागा होतो. तुम्ही व्हॅलोरंट अनइन्स्टॉल केलं तरी व्हॅनगार्ड वेगळा इन्स्टॉल झालेला असतो, तो वेगळाच काढावा लागतो. घड्याळाशेजारच्या चिन्हांत त्याचं चिन्ह शोधा, राइट क्लिक करून त्याला बंद करा, मग 'इन्स्टॉल्ड ॲप्स'मधून 'रायट व्हॅनगार्ड' अनइन्स्टॉल करा आणि कॉम्प्युटर रीस्टार्ट करा. सी ड्राइव्हवर 'रायट गेम्स' फोल्डर उरलं असेल आणि त्या कंपनीचा दुसरा गेम ठेवायचा नसेल, तर तेही काढा.

ईझी अँटी-चीट किंवा बॅटलआय हे असेच दुसरे पहारेकरी दिसले तर लगेच हात घालू नका. हे दोन्ही अनेक गेम वापरतात. ठेवायच्या गेमपैकी एखाद्याला लागत असेल तर तो चालायचा बंद होईल.

"यादीत तर दिसतच नाही"

वडील स्वतःच्या खात्यातून लॉगिन करतात, यादी बघतात, रोब्लॉक्स कुठेच नाही. मुलाच्या खात्यात मात्र धडधडीत चालतं. कारण रोब्लॉक्स पूर्ण कॉम्प्युटरवर न बसता त्या-त्या यूजरच्या ॲपडेटातल्या 'लोकल'मध्ये बसतं. ज्याच्या खात्यात इन्स्टॉल झालं, त्याच्याच खात्यातून ते काढायचं.

ब्लूस्टॅक्ससारख्या एम्युलेटरची गोष्टही तशीच. त्यात टाकलेले मोबाइल गेम विंडोजच्या यादीत येत नाहीत, एकटा एम्युलेटर दिसतो. एखादा गेमच काढायचा असेल तर एम्युलेटरच्या आत जाऊन फोनवर काढतो तसा काढा. सगळंच नको असेल तर एम्युलेटर अनइन्स्टॉल करा आणि नंतर 'प्रोग्रामडेटा'मध्ये त्याचं फोल्डर उरलंय का ते पाहा. तेही लपलेलंच असतं, त्यामुळे फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मधून लपलेल्या फाइली दाखवायला सांगा.

पेन ड्राइव्हवरून आलेले गेम

आपल्याकडे व्हाइस सिटी आणि आयजीआय दुकानातून कमी आणि मित्राच्या पेन ड्राइव्हवरून जास्त पसरले. असा नुसता कॉपी केलेला गेम यादीत नसतोच. त्याचं फोल्डर काढलं की तो गेला. फोल्डरमध्ये 'अनइन्स' या अक्षरांनी सुरू होणारी फाइल दिसली तर ती चालवून काढा, नसेल तर सरळ डिलीट.

पण क्रॅक केलेला (विकत न घेता चालावा म्हणून कुलूप तोडलेला) गेम असेल तर काम इथे संपत नाही आणि हे कुणीच सांगत नाही. असा गेम टाकताना बहुधा सूचना असते, "अँटीव्हायरस बंद करा" किंवा "हे फोल्डर वगळा". मुलं तसं करतात. गेम काढला तरी ती सूट तशीच राहते. म्हणजे त्या फोल्डरमध्ये उद्या काहीही येऊन बसलं तरी डिफेंडर, म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटीव्हायरस, तिकडे बघणार नाही. भाच्याच्या कॉम्प्युटरवर पूर्ण डी ड्राइव्हलाच अशी सूट दिलेली निघाली, आणि त्याच ड्राइव्हवर दाजींच्या बँकेच्या स्टेटमेंटचं फोल्डर होतं.

'विंडोज सिक्युरिटी' उघडा, 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन', 'मॅनेज सेटिंग्ज', अगदी तळाशी 'एक्स्क्लुजन्स'. तिथे तुम्ही स्वतः न टाकलेलं जे दिसेल ते काढा आणि त्यानंतर पूर्ण स्कॅन लावा. घाईचा नको, पूर्णच. फायरवॉलच्या परवानग्यांच्या यादीतही जुन्या गेमची नावं सापडतात, तीही काढून टाका.

उत्साहाच्या भरात नको ते काढलं

यादीत 'मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस'च्या आठ-दहा नोंदी दिसतात, २००८, २०१०, २०१३ अशा सालांच्या. गेमसोबत आल्या असतील म्हणून लोक सगळ्या काढतात आणि मग भलतंच सॉफ्टवेअर उघडेनासं होतं. त्या राहू द्या. त्या फारशी जागा खात नाहीत.

मायक्रोसॉफ्ट स्टोअरचे बरेच गेम 'विंडोजॲप्स' नावाच्या कुलूपबंद फोल्डरमध्ये असतात. त्याची मालकी बदलून आत शिरायचे उपाय व्हिडिओंत दाखवतात. तसं करू नका, स्टोअरच बिघडतं. स्टार्टमध्ये गेमवर राइट क्लिक करून 'अनइन्स्टॉल' म्हटलं की पुरे. रजिस्ट्री (विंडोजची आतली नोंदवही) साफ करणारे क्लीनरही नकोत. अशा क्लीनरना मायक्रोसॉफ्टचा पाठिंबा नाही, आणि चार उरलेल्या नोंदींनी कॉम्प्युटर मंद होत नाही.

'फाइल वापरात आहे' आणि जागा न वाढणं

लाँचर खिडकी बंद केली तरी घड्याळाशेजारी चालूच असतो. तिथून त्याला 'एक्झिट' करा. तरी अडलं तर कंट्रोल, शिफ्ट, एस्केप दाबून टास्क मॅनेजरमधून बंद करा. मग रीस्टार्ट. शट डाउन करून पुन्हा चालू करणं म्हणजे रीस्टार्ट नव्हे. 'फास्ट स्टार्टअप' चालू असेल तर शट डाउनमध्ये विंडोजचा गाभा झोपवून ठेवला जातो आणि पुढच्या वेळी तोच उठतो, म्हणून 'पुढच्या सुरुवातीला काढायच्या' फाइली तशाच राहतात. आणि हातानं डिलीट केलेल्या फाइलींची जागा रिसायकल बिन रिकामं केल्याशिवाय मोकळी होणार नाही.

पैसे कापले जात राहतात

गेम काढल्यानं सबस्क्रिप्शन बंद होत नाही. भाच्यानं एका गेमचा महिन्याचा पास घेतला होता, ताईच्या यूपीआयवरून. गेम जाऊनही ताईला पैसे कापणार असल्याचा मेसेज आला. असा मेसेज कापण्याच्या किमान २४ तास आधी येणं बंधनकारक आहे, त्यामुळे तो न वाचता पुसू नका. आधी गेमच्या किंवा स्टोअरच्या खात्यात जाऊन सबस्क्रिप्शन रद्द करा, मग यूपीआय ॲपमध्ये 'ऑटोपे' किंवा 'मँडेट' शोधून तेही थांबवा.

खातं मात्र पुसून टाकू नका. विकत घेतलेले गेम त्या खात्याच्या नावावर असतात, कॉम्प्युटरवर नसले तरी. भाच्याला मी तेच सांगितलं: पासवर्ड आईकडे राहील, तुझे सेव्ह या पेन ड्राइव्हवर आहेत, मार्चनंतर पुन्हा डाउनलोड कर. तोवर सी ड्राइव्हवर १३८ जीबी मोकळे झाले होते आणि दाजी निळ्या झालेल्या पट्टीचा फोटो ताईला पाठवत होते.