तपास रखडलाय? कोर्टात अर्ज करताना या चुका टाळा

मध्यंतरी एक गृहस्थ कापडी पिशवीभर कागद घेऊन माझ्याकडे आले. पैशांच्या फसवणुकीची फिर्याद, एफआयआर होऊन चौदा महिने उलटलेले. पिशवीत बँकेचे उतारे होते, मंत्रालयापासून आयोगांपर्यंत पाठवलेले अर्ज होते. तपासी अंमलदाराला दिलेला मात्र एकही कागद नव्हता. "वकीलसाहेब, दर आठवड्याला फोन करतो की!" पण फोनवरचं बोलणं कोर्टापुढे ठेवणार कसं?

महागात पडणारी चूक हीच. पोलीस ठाण्यात लेखी अर्ज द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, सही घ्या. घेत नसतील तर स्पीड पोस्टानं पाठवून पोचपावती जपा. मग तसाच अर्ज पोलीस अधीक्षकांना किंवा आयुक्तांना द्या. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९३(३) नुसार पोलिसांनी ९० दिवसांच्या आत तपासाची प्रगती फिर्यादीला किंवा पीडिताला कळवायची असते. ती कळवली नसेल तर अर्जात हेच कलम लिहा.

दुसरी चूक, रागाच्या भरात थेट हायकोर्ट गाठायचं. साकिरी वसू प्रकरणात सुप्रीम कोर्टानं २००८ मध्ये सांगितलं, की तपास नीट होतोय का हे पाहण्याचा अधिकार न्यायदंडाधिकाऱ्यांनाच आहे, आधी तिथे जा. पुढे सुधीर तांबे प्रकरणात तर विशेष तपास अधिकारी नेमण्याचा मुंबई हायकोर्टाचा आदेशही याच कारणासाठी रद्द झाला. तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १५६(३) म्हणजे आताच्या नागरिक सुरक्षा संहितेचं १७५(३). मात्र नवी संहिता लागू झाली त्या १ जुलै २०२४ ला तपास आधीपासून सुरू असेल, तर जुनंच कलम लागतं. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र जोडायला विसरू नका.

आता अर्जातली मागणी. माझ्या मते निम्मे अर्ज इथेच वाया जातात. 'तपास लवकर पूर्ण करण्याचा आदेश व्हावा' एवढंच लिहिलं, की कोर्ट तपासी अंमलदाराचं म्हणणं मागवतं, तो 'तपास चालू आहे' असं लिहून देतो आणि अर्ज निकाली निघतो. त्या गृहस्थांच्या अर्जात आम्ही आधी तारखांचा तक्ता दिला आणि मग नेमके प्रश्न घातले. पैसे ज्या खात्यात गेले, त्याचे केवायसीचे कागद बँकेकडून मागवले का? कोणत्या तारखेला? ज्याच्यासमोर व्यवहार झाला, त्या साक्षीदाराचा जबाब घेतला का? शेवटी मागणी केली, की अमुक तारखेपर्यंत तपासाचा अहवाल कोर्टात यावा आणि प्रकरण त्या तारखेला बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत, ठेवावं. अशा प्रश्नांना 'तपास चालू आहे' हे उत्तर पुरत नाही. पुढच्या तारखेला अंमलदार बँकेला पाठवलेल्या पत्राची प्रत घेऊनच आला.

'अमक्याला अटक करा' असं मात्र मागू नका. अटक करायची की नाही हे तपास यंत्रणेनं ठरवायचं असतं. अंमलदारावर लाच घेतल्याचे आरोपही पुरावा हातात नसेल तर करू नका, मूळ मुद्दा बाजूला पडतो.

आणि फार वाट पाहू नका. सीसीटीव्हीचं फुटेज काही आठवड्यांत पुसलं जातं. 

कोर्टाचा आदेश झाल्यावर कधी कधी पोलीस दोषारोपपत्राऐवजी समरी, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल, पाठवतात. 'अ' म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडला नाही, 'ब' म्हणजे फिर्याद खोटी, 'क' म्हणजे गैरसमजातून दिलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. फिर्यादीला कोर्टाची नोटीस येते. घरात ती नोटीस कुणीही घेतली तरी तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा, त्या दिवशी हजर राहा आणि लेखी हरकत द्या. ती हरकत वाचून कोर्ट अधिक तपासाचा आदेश देऊ शकतं.