केबल नसताना मार्च मॅडनेस: आधी ट्रूटीव्ही शोधा

16 मार्च 2022, बुधवार. रात्री नऊ वाजून गेलेले. लेक स्प्रिंग ब्रेकसाठी घरी आलेली, अंगात लाल रटगर्सचा टी-शर्ट, आणि मी रिमोट घेऊन टीव्हीसमोर. मार्च मॅडनेस, म्हणजे अमेरिकेतल्या कॉलेजांची मार्चमधली बास्केटबॉल स्पर्धा, सुरू झालेली. डेटनला रटगर्स विरुद्ध नोत्र दाम. आम्ही आदल्या वर्षीच केबल काढून टाकली होती, खिडकीला अँटेना चिकटवला होता आणि सीबीएस लख्ख दिसत होतं. कॉलेज बास्केटबॉल म्हणजे सीबीएस, एवढंच मला ठाऊक. चॅनल दोन लावलं, तर तिथे भलतीच मालिका चाललेली.

"आई, ट्रूटीव्हीवर आहे ती."

"ते कुठे असतं?"

पुढचा पाऊण तास मी क्रेडिट कार्ड, विसरलेले पासवर्ड आणि 'तुमची टीव्ही कंपनी निवडा' असं परत परत विचारणारा पडदा यांच्यात घालवला. मॅच दोन ओव्हरटाइमपर्यंत गेली, रटगर्स 89–87 हरलं, आणि ते सगळं आम्ही फोनवर बदलणाऱ्या आकड्यांतून बघितलं. लेक काही बोलली नाही. तेच जास्त लागलं.

त्यानंतर दर मार्चमध्ये माझी तयारी आधी झालेली असते. न्यू जर्सीतल्या ओळखीपाळखीतून फोन येतात, "ते बास्केटबॉलचं काय करायचं हो?" म्हणून एकदा नीट लिहून ठेवते आहे.

मुळात घोडं कुठे अडतं ते आधी समजून घ्या. पुरुषांची ही स्पर्धा एका वाहिनीवर नसते, चार वाहिन्यांवर वाटलेली असते: सीबीएस, टीबीएस, टीएनटी आणि ट्रूटीव्ही. 2010 साली सीबीएस आणि टर्नर (बाकीच्या तीन वाहिन्यांवाले) यांनी मिळून हे हक्क घेतले आणि तो करार पुढे 2032 पर्यंत वाढवला. यातलं सीबीएस हवेतून फुकट येतं. बाकीच्या तिन्ही मूळच्या केबलच्या वाहिन्या, त्या अँटेनावर कधीच दिसणार नाहीत. अँटेना कितीही महागाचा आणा, छतावर चढवा, नाही म्हणजे नाही. मी त्या बुधवारी ज्या ट्रूटीव्हीवर आपटले, तिथेच बहुतेक 'फर्स्ट फोर'च्या, म्हणजे मुख्य फेरीत शिरण्यासाठीच्या पहिल्या चार, मॅचेस असतात. तुमच्या मुलाचं कॉलेज जेमतेम आत शिरलं असेल तर सुरुवात तिथूनच होणार.

2011 मध्ये संघ 68 झाले, आणि हरला तो घरी, म्हणून एक विजेता उरेपर्यंत मॅचेस 67. पहिल्या गुरुवारी 16 आणि शुक्रवारी 16. दुपारी बारापासून मध्यरात्रीपर्यंत, एका वेळी तीन-चार चालू. त्या दोन दिवसांसाठीच खरी व्यवस्था लागते. पुढे मॅचेस कमी होत जातात, गोंधळही कमी होतो. फायनल फोर, म्हणजे शेवटच्या चार संघांचे उपांत्य आणि अंतिम सामने, मात्र आलटून पालटून: सम वर्षी टीबीएसवर, विषम वर्षी सीबीएसवर. 2024 ला टीबीएस होतं, 2025 ला सीबीएस. म्हणजे नुसत्या अँटेनावर राहिलात तर एक वर्ष आड शेवटची मॅच हातची जाणार.

आता अँटेना. आमचा आहे तो कागदासारखा सपाट, वीस-पंचवीस डॉलरचा. पहिल्यांदा तो टीव्हीच्या मागे, भिंतीवर लावला, कारण तिथे तो दिसत नव्हता. चित्राचे चौकोन चौकोन व्हायचे, आवाज तुटायचा. मग एका रविवारी लेकीने तो हातात धरला आणि घरभर फिरली, मी टीव्हीसमोर बसून "आलं, गेलं, आलं" ओरडत होते. शेवटी वरच्या मजल्याच्या, न्यूयॉर्कच्या दिशेच्या खिडकीत तो काचेला चिकटवला आणि लांब वायर जिन्यावरून खाली सोडली. दिसायला वाईट. पण चॅनल दोन असं स्वच्छ आलं की केबलवर तसं कधी बघितलं नव्हतं. जागा बदलली की दर वेळी टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन चॅनल स्कॅन परत करायचं, हे विसरू नका. अर्ध्या लोकांचं 'अँटेना चालत नाही' हे प्रकरण तिथेच मिटतं. आणि टीव्हीच्या नावाखाली नुसता मॉनिटर घेतला असेल तर त्यात ट्यूनर नसतो. मागे अँटेनाच्या वायरसाठी गोल, आटे असलेलं कॉक्सचं भोक आहे का ते आधी बघा.

उरलेल्या तीन वाहिन्यांसाठी पैसे मोजावे लागतात. माझ्या मते रस्ते दोनच.

एक रस्ता म्हणजे यूट्यूब टीव्हीसारखी पूर्ण सेवा, जिथे चारही वाहिन्या एकत्र मिळतात. जानेवारी 2025 मध्ये तिची किंमत महिन्याला 82.99 डॉलर झाली, म्हणजे केबल सोडल्याचा आनंद तिथेच अर्धा होतो. पण पहिल्या गुरुवारसाठी तिच्यात एक गंमत आहे: मल्टिव्ह्यू. 2023 च्या मार्चमध्ये तो आला. टीव्हीचा पडदा चार खणांत विभागला जातो आणि चार मॅचेस एकदम दिसतात. रिमोटने ज्या खणावर जाल त्याचा आवाज येतो. माझा नवरा, जो एरवी एका वेळी एका गोष्टीकडेही धड लक्ष देत नाही, तो यासमोर चार तास हलला नव्हता. हुलूच्या लाइव्ह टीव्हीतही चारही वाहिन्या आहेत.

दुसरा रस्ता माझा: अँटेना अधिक एचबीओ मॅक्स. टीबीएस, टीएनटी आणि ट्रूटीव्हीवरच्या मॅचेस तिथे लाइव्ह दिसतात. (या ॲपने 2023 मध्ये नावातलं एचबीओ काढलं आणि 2025 च्या जुलैत परत लावलं. जुन्या लेखात नुसतं 'मॅक्स' दिसलं तर गोंधळू नका, ते हेच.) इथे एक खाच आहे. सगळ्यात स्वस्त, जाहिरातींचा प्लॅन घेऊ नका. 30 मार्च 2025 पासून त्या प्लॅनमधून लाइव्ह खेळ काढले. स्टँडर्ड किंवा त्याच्या वरचा लागतो. स्टँडर्ड ऑक्टोबर 2025 मध्ये 18.49 डॉलर झाला. अँटेना एकदाच घ्यायचा, तो पुढे वर्षानुवर्षं चालतो, म्हणून माझा मार्चचा खर्च त्या एका महिन्याएवढाच.

अँटेना लागतच नसेल, म्हणजे इमारत चुकीच्या दिशेला, मध्ये टेकडी, तळघरातलं अपार्टमेंट, तर सीबीएससाठी पॅरामाउंट प्लस आहे. पण तिथेही तळाच्या प्लॅनमध्ये तुमच्या भागाचं सीबीएस स्टेशन लाइव्ह मिळत नाही, वरचा घ्यावा लागतो. दोन ॲप, दोन्ही वरच्या प्लॅनचे, तरी पूर्ण सेवेच्या निम्म्याहून कमीत भागतं.

काही ठिकाणी लोक हमखास फसतात. फुबो हे खेळांचं ॲप म्हणून प्रसिद्ध, पण टीएनटी, टीबीएस आणि ट्रूटीव्ही तिथून जुलै 2020 मध्ये गेले. या स्पर्धेसाठी ते घेणं म्हणजे तिकीट काढून अर्ध्या नाटकाला बसणं. स्लिंगचं उलटं: तिथे सीबीएस नाही. अँटेना असेल तर स्लिंग जमेल, फक्त ट्रूटीव्ही कुठल्या पॅकेजमध्ये आहे ते घेण्याआधी यादीत डोळ्यांनी बघा. मी नावावर विश्वास ठेवणं केव्हाच सोडलं.

स्पर्धा भरवणाऱ्या एनसीएए या कॉलेज खेळांच्या संघटनेचं स्वतःचं 'मार्च मॅडनेस लाइव्ह' ॲप मात्र काही झालं तरी उतरवून ठेवा. टर्नरच्या वाहिन्यांवरची मॅच पूर्ण बघायला तिथे टीव्ही सेवेचं लॉगिन मागतात, आणि यूट्यूब टीव्हीचं लॉगिन तिथे चालतं. पण वेळापत्रक, कुठली मॅच कुठल्या वाहिनीवर, आत्ता कुठे अटीतटीची चालली आहे, हे सगळं तिथे लगेच कळतं. ऑफिसात बसून बघणाऱ्यांसाठी त्यात 'बॉस बटन' नावाचा प्रकारही असायचा: दाबलं की पडद्यावर कामाचं काहीतरी दिसतं. मी अकाउंट्समध्ये आहे आणि मार्च आमचा टॅक्सचा महिना. माझ्या पडद्यावर खरं काम इतकं असतं की खोट्याची गरज पडली नाही.

आता तारखा. इथे मी स्वतः पैसे घालवलेत, म्हणून जरा थांबून वाचा. सिलेक्शन संडेपासून, म्हणजे संघ जाहीर होतात त्या रविवारपासून, अंतिम सामन्यापर्यंत 22 दिवस होतात. म्हणजे एक महिन्याचं सबस्क्रिप्शन पुरतं, पण ते योग्य दिवशी सुरू केलं तरच. एका वर्षी मी हौसेने मार्चच्या पहिल्या आठवड्यातच एक सेवा घेतली, कॉन्फरन्स टूर्नामेंट, म्हणजे कॉलेजांच्या गटागटांच्या आधीच्या स्पर्धा, बघायला. महिना संपला तो फायनल फोरच्या आधी. दोन दिवसांसाठी परत पूर्ण महिन्याचे पैसे गेले, आणि वैतागात रद्द करायचं राहिलं म्हणून मे महिन्याचेही गेले. आता मी फर्स्ट फोरच्या मंगळवारी संध्याकाळी पैसे भरते. त्या दिवसापासून महिना मोजला की अंतिम सोमवार आरामात आत बसतो. फुकट ट्रायल मिळाली तर ती मात्र मंगळवारी वाया घालवू नका, गुरुवारी सकाळी सुरू करा. ट्रायल किती दिवसांची ते बटण दाबण्याआधी वाचा, आणि कार्डाचा नंबर द्यावा लागतोच हे धरून चाला.

आणि मॅचच्या दिवशी नाही, आदल्या दिवशी ॲप उघडून टीएनटी लावून बघा. चालतंय? ट्रूटीव्ही? सीबीएस? तिन्ही बघा. ॲप अपडेट मागतं, टीव्हीची स्टिक पासवर्ड विसरते, घराचा पत्ता नव्याने पडताळायला सांगते. हे सगळं बुधवारी रात्री झालेलं बरं. वायफाय टीव्हीपर्यंत नीट पोचत नसेल तर राउटरपासून वायर ओढा, दुसरा उपाय शोधत बसू नका.

एक गोष्ट मला कोणी सांगितली नव्हती. इंटरनेटवरचं चित्र अँटेनापेक्षा मागे असतं, अर्धा मिनिट सहज, कधी त्याहून जास्त. रटगर्स हरलं त्याच्या दुसऱ्या दिवशी, गुरुवारी, जर्सी सिटीचं सेंट पीटर्स केंटकीशी खेळत होतं. पंधरावं मानांकन विरुद्ध दुसरं. कोणी लक्षही देणार नव्हतं. खाली मी आणि नवरा अँटेनावर सीबीएस बघत होतो, वर लेक तिच्या लॅपटॉपवर. ओव्हरटाइममध्ये खाली आमचा आरडाओरडा, आणि वरून तिची किंकाळी: "गप्प बसा, इथे अजून झालं नाहीये!" सेंट पीटर्स 85–79 जिंकलं, पुढे पर्ड्यूलाही हरवून शेवटच्या आठांत गेलं, आणि आमच्या घरात नियम झाला की एका मॅचला एकच पडदा. स्ट्रीमवर बघत असाल तर फोनवरच्या स्कोअरच्या सूचना बंद करा, कॉलेजचे आणि सोसायटीचे व्हॉट्सॲप ग्रुप तेवढ्यापुरते म्यूट करा. अभिनंदनाचा फुगा आधी येतो आणि बास्केट नंतर पडते.

रेकॉर्डिंग लावत असाल तर मॅचच्या पुढचा कार्यक्रमही लावा. ओव्हरटाइम झाला की रेकॉर्डिंग नेमकं शेवटच्या मिनिटाला तुटतं.

महिलांची स्पर्धा वेगळ्या घरात राहते, आणि ती चुकवू नका. तिथेही 2022 पासून 68 संघ, पण हक्क ईएसपीएनकडे. मॅचेस ईएसपीएन, ईएसपीएन 2 आणि एबीसीवर विखुरलेल्या. वरचं एचबीओ मॅक्स इथे काही कामाचं नाही. 2023 पासून अंतिम सामना एबीसीवर येतो, म्हणजे अँटेनावर फुकट, आमच्याकडे चॅनल सात. 2024 मध्ये साउथ कॅरोलायना आणि आयोवाचा अंतिम सामना तसाच बघितला, 87–75. पावणेदोन कोटींहून जास्त लोकांनी तो बघितला, त्या वर्षीच्या पुरुषांच्या अंतिम सामन्यापेक्षा जास्त. सगळ्या फेऱ्या हव्या असतील तर ईएसपीएनने ऑगस्ट 2025 मध्ये केबलशिवाय थेट विकायला काढलेली सेवा आहे, महिन्याला 29.99 डॉलर. दोन्ही स्पर्धा मनापासून बघणाऱ्या घरात मात्र हिशोब बदलतो: एचबीओ मॅक्स आणि ईएसपीएन मिळून पन्नासच्या जवळ जातात, आणि मग त्या एका महिन्यासाठी चार खणांची यूट्यूब टीव्ही महाग वाटत नाही. गेल्या मार्चमध्ये लेक म्हणाली, "आई, एवढं सगळं जोडण्यापेक्षा एकच घेऊया ना." मी कॅल्क्युलेटर काढून दाखवलं. ती म्हणाली, "हो, पण चार खण."

सबस्क्रिप्शन रद्द करायचं बटण टीव्हीवर शोधू नका, बहुतेक वेळा सापडत नाही. कॉम्प्युटरवर खात्यात जा, तिथे 'मेंबरशिप' किंवा 'बिलिंग'च्या आत ते असतं, आणि जाताना तीनदा विचारतात की खरंच जाताय का, अर्ध्या किमतीत राहता का. महिन्याचे पैसे भरलेले असतील तर मी त्याच संध्याकाळी रद्द करून टाकते, महिना संपेपर्यंत चालू राहतं. 'अमुक तारखेपर्यंत बघू शकाल' अशी ओळ पडद्यावर येते, तिचा फोटो काढते. ती तारीख अंतिम सोमवारच्या पुढची आहे ना, एवढं बघते आणि लॅपटॉप मिटते. अँटेना खिडकीतच राहतो.