जुनी इंग्रजी कविता फोडायची तर तिसरा ठोका आधी धरा

एम.ए. इंग्लिशला ॲडमिशन घेतली की बेवुल्फ हे जुन्या इंग्रजीतलं मोठं काव्य समोर येतं आणि पोरं बिचकतात. नांदेड असो, परभणी असो, उदगीर असो, गाऱ्हाणं एकच, सर ही कविता आहे का गद्य, यमक कुठंच नाही, अक्षरं मोजावी तर एका ओळीत नऊ भरतात अन् दुसरीत तेरा. गाईडमधे बघावं तर फोर स्ट्रेस, ॲलिटरेशन (अनुप्रास), सिझुरा (मधला थांबा) एवढं लिहून मोकळे झालेले असतात. ते पाठ करून मार्क पडतात, नाही असं नाही, पण अनोळखी ओळ पुढ्यात टाकली की सगळे एकमेकांच्या तोंडाकडं बघायलेत. तर ज्यांना पेपरला किंवा सेट-नेटसाठी ओळ फोडता आली पाहिजे त्यांच्यासाठी हे लिहायलोय.

पहिलं काम म्हणजे अक्षरं मोजायचं सोडा. शाळेत आपल्याला यमाताराजभानसलगा शिकवलेलं असतंय, भुजंगप्रयात म्हणलं की बारा अक्षरं, बोट मोजायला लागतंच. जुन्या इंग्रजीत ते चालत नाही. जात्यावर बसलेली बाई ओवी म्हणताना काय करते बघा, एका फेऱ्यात कधी पाच अक्षरं बसवते कधी आठ, पण फेरा काही चुकत नाही, कारण तिचा हिशोब अक्षरांचा नसून जोर कुठं पडतो याचा आहे. जुना इंग्रजी कवी पण जोरच मोजतो, मधली बारीकसारीक अक्षरं कितीही येऊ द्या.

आता नियम. एक ओळ म्हणजे दोन तुकडे, मधे थांबा (आपल्याकडची यती म्हणा). प्रत्येक तुकड्यात दोन ठोके (जोर पडायच्या जागा), म्हणजे ओळीत चार. इंग्रजी पुस्तकात ह्याला लिफ्ट म्हणतात अन् ठोक्यांच्या मधल्या हलक्या जागेला डिप. चार ठोक्यांमधे मालक तिसरा, म्हणजे दुसऱ्या तुकड्यातला पहिला. तिसऱ्याचा जो आवाज असंल तोच पहिल्यात किंवा दुसऱ्यात, किंवा दोन्हीतही, आला पाहिजे. आणि चौथ्यात येता कामा नये. ही चौथ्याची गोष्ट बहुतेक जण विसरतात अन् मग सगळी ओळ एकाच रंगानं अंडरलाइन करून ठेवतात.

म्हणून माझं म्हणणं, ओळ डावीकडून फोडायला जाऊच नका. थांबा शोधा, त्याच्या पुढचा पहिला दणका शोधा, त्याच्यावर बोट ठेवा आणि मग मागं वळून बघा. डावीकडून गेलात तर पहिलाच शब्द बहुतेक वेळा 'आम्ही', 'आता', 'तेव्हा' असला फुसका निघतो अन् तिथंच गाडी रुतते.

एक ओळ हातात घेऊनच बघू. इ.स. 991 मधे एसेक्समधल्या माल्डनला व्हायकिंगांशी लढाई झाली, इंग्रजांचा सरदार बर्थनॉथ पडला, आणि त्या लढाईवरच्या कवितेत शेवटाकडं बर्थवोल्ड नावाचा एक म्हातारा लढवय्या उरलेल्यांना म्हणतो:

हिये शाल थे हेआर्द्रा, हेओर्ते थे केन्रे,
मोड शाल थे मारे, थे ऊरे मॅयेन लिट्लाथ.

म्हणजे अंगातलं बळ जसं कमी होत जाईल तसं मन आणखी कणखर, काळीज आणखी धीट, हिंमत आणखी मोठी झाली पाहिजे. आता स्वल्पविरामापुढं बघा, पहिला दणका 'हेओर्ते', आवाज ह. मागं वळा, 'हिये' मधे ह, 'हेआर्द्रा' मधे ह, दोन्ही जुळले. चौथा 'केन्रे', आवाज क, जुळला नाही, बरोबर. दुसऱ्या ओळीत स्वल्पविरामानंतर 'थे ऊरे' आहे पण ते 'जसं आपलं' असले किरकोळ शब्द, त्यांच्यावर जोर नाही, दणका पडतो 'मॅयेन' वर, म्हणजे म. मागं 'मोड', 'मारे', दोन्ही म. चौथा 'लिट्लाथ', ल, वेगळा. झाली ओळ फोडून. अर्थसुद्धा ठोक्यांवरच बसलेला आहे, मन, कणखर, काळीज, धीट, हिंमत, मोठी, बळ, कमी. मधलं सगळं काढून टाकलं तरी म्हाताऱ्याला काय म्हणायचंय ते कळतंय.

आता खरी अडचण. आपल्या मराठीत शब्दावर असा जोर आदळायची पद्धत नाही, आपण सगळी अक्षरं जवळपास सारख्याच वजनानं म्हणतो, त्यामुळं इंग्रजी ओळही आपण सपाट वाचतो अन् मग ठोका सापडत नाही. उपाय साधा आहे, बाकावर बोटानं ठोकत मोठ्यानं वाचा. हॉस्टेलवर रूममेट वैतागला तर वैतागू द्या. जोर कुणावर द्यायचा ते असं ठरवा: नाम आणि विशेषण यांचा मान पहिला, त्यांच्यानंतर क्रियापद, आणि सर्वनाम, उभयान्वयी, शब्दयोगी असल्यांना सहसा काहीच नाही. शब्दात जोर मूळ शब्दाच्या पहिल्या अक्षरावर. पण पुढं चिकटलेला उपसर्ग बऱ्याचदा हलका असतो, विशेष करून 'ये', जो क्रियापदांना सारखा चिकटलेला दिसतो. बेवुल्फच्या दुसऱ्या ओळीचा शेवट 'येफ्रूनॉन' आहे, त्यातला आवाज फ धरायचा, य नाही. इथं लई जण फसतात.

आवाज जुळतो म्हणजे नेमकं काय, हे पण नीट बघावं लागतं, कारण आपल्या अनुप्रासापेक्षा ह्यांचं गणित वेगळं आहे. व्यंजन त्याच व्यंजनाशी जुळतं हे ठीक. पण स्प, स्ट आणि एस-सी (उच्चार श) ही तीन जोडाक्षरं स्वतःशीच जुळतात, साध्या स शी जुळत नाहीत. उदाहरण बेवुल्फची चौथी ओळ:

ऑफ्ट श्युल्ड शेविंग, शेआथेना थ्रेआटुम

(शेविंग वाचून हसू नका, दाढीशी संबंध नाही, शेफ नावाच्या माणसाचा पोरगा असा अर्थ आहे.) तिसरा ठोका शेआथेना, मागं श्युल्ड आणि शेविंग, तिन्ही एस-सी वाले, चौथा थ्रेआटुम वेगळा. 'ऑफ्ट' सुरुवातीला आहे पण तो हलका, त्याला धरून बसू नका. इथं देवनागरीचा लई फायदा होतो. ओळीखाली बारीक अक्षरात देवनागरीत उच्चार लिहून ठेवला की स, श, स्ट, स्प आपोआप वेगळे दिसतात, रोमन स्पेलिंगमधे मात्र सगळीकडं एकच एस दिसत राहतो.

स्वरांचं तर उलटंच आहे. कुठलाही स्वर कुठल्याही स्वराशी जुळतो. बेवुल्फची तेहतिसावी ओळ, श्युल्ड राजाचं प्रेत ठेवायचं जहाज उभं आहे, त्याच्यावर बर्फ साचलंय:

ईसिय ऑण्ड ऊटफूस, अ‍ॅथेलिंगेस फॅर

ई, ऊ, अ‍ॅ. आपल्या कानाला ह्यात काहीच जुळत नाही, पण त्यांच्या हिशोबानं ही चोख ओळ आहे, तिन्ही ठोके स्वरावर अन् चौथा फ वर. पेपरमधे अशी ओळ आली की अर्धा वर्ग 'नो ॲलिटरेशन' लिहून येतो. अजून एक भानगड म्हणजे जी हे अक्षर. ते कधी ग होतं कधी य, तरी बेवुल्फमधे दोन्ही एकमेकांशी जुळलेले धरतात. पहिल्याच ओळीत 'गारडेना' आणि 'येआरडागुम' जुळतात ते ह्याच्यामुळंच.

आता गण विसरा म्हणलो होतो, पण त्यातली एक गोष्ट जपून ठेवा, लघु-गुरु. जुन्या इंग्रजीत ठोका शक्यतो गुरु अक्षरावरच पडतो, म्हणजे स्वर दीर्घ पाहिजे किंवा पुढं जोडाक्षर पाहिजे, अगदी आपल्यासारखंच. आणि ठोक्याच्या जागी लघु आलं तर काय? तर ते पुढच्या अक्षराला सोबत घेऊन दोघं मिळून एक ठोका होतात. वरच्या ओळीतलं 'हिये' बघा, हि लघु, म्हणून हि आणि ये मिळून एक. 'मॅयेन' चं पण तसंच. इंग्रजीत ह्याला रिझोल्यूशन म्हणतात अन् विंग्रजी मिडियमच्या पोरांनासुद्धा हे लवकर समजत नाही, आपल्याला पाच मिनिटात समजतं, कारण लघु-गुरु आपल्या आठवीच्या व्याकरणातच झालेलं असतं.

हे जमलं की झीफर्सचे पाच प्रकार सोपे जातात. एडुआर्ड झीफर्स हा जर्मन पंडित, त्यानं 1885 च्या सुमारास सगळे अर्धे तुकडे तपासून पाच साचे काढले. ए म्हणजे ठोका उतार ठोका उतार (उतार म्हणजे वरचा डिप). बी त्याच्या उलट, उतार ठोका उतार ठोका. सी म्हणजे उतार, मग लागोपाठ दोन ठोके, मग उतार. डी मधे दोन ठोके आधीच येऊन जातात अन् मागून एक अर्धा ठोका (ठोक्याहून हलका जोर) अन् उतार. ई मधे ठोका, अर्धा ठोका, उतार, ठोका. सगळ्यात जास्त भेटतो तो ए. म्हाताऱ्याच्या दोन ओळींतले पहिले तीन तुकडे ए आहेत आणि शेवटचा 'थे ऊरे मॅयेन लिट्लाथ' हा सी आहे, थे ऊरे उतार, मॅयेन ठोका, लिट ठोका, लाथ उतार. पाचही पाठ करत बसण्यापेक्षा ए अन् सी ओळखायला शिका, बाकीचे सरावानं येतात. हस्तलिखितांत ही कविता गद्यासारखी सलग लिहिलेली असते बरं का, आपल्या पोथ्यांसारखी, ओळी तोडलेल्या अन् मधे जागा सोडलेली ती नंतरच्या संपादकांनी.

1066 ला नॉर्मन आले, फ्रेंच दरबारात बसली, शब्दांचे प्रत्यय झिजायला लागले अन् कवितेची ही चालपण सैल झाली. आपल्याकडं परंपरेनुसार शके 1110 मधे अंबाजोगाईच्या मुकुंदराजांनी विवेकसिंधू पूर्ण केला, त्याच्या आगेमागे तिकडं लायामन नावाचा पाद्री ब्रुट नावाची कविता लिहीत होता, त्यात एका ओळीत अनुप्रास तर दुसरीत यमक अशी सगळी सरमिसळ आहे. मग चौदाव्या शतकात, 1350 नंतर, अनुप्रासाची कविता परत जोरात आली. त्यातल्या लँगलंड ह्या कवीच्या पिअर्स प्लाउमन कवितेची दुसरी ओळ घ्या:

ई शोप मी इन्टो श्रूडेस, ॲज ई अ शेप वेरे

शोप, श्रूडेस, शेप, तीन श, चौथा वेगळा, जुना नियम जिवंत आहे. पण तिच्या आधीची, एकदम पहिली ओळ 'सुमर सेसोन' वाली, तिच्यात चारही ठोके स वर पडतात. म्हणजे चौथ्याचं बंधन आता ढिलं झालंय, चूक समजून खोडू नका.

त्याच काळातल्या सर गवेन अँड द ग्रीन नाइट ह्या कवितेत ओळी 2530, कडवी 101. कडव्यात किती लांब ओळी हे ठरलेलं नाही, पण शेवटी एक टिचभर ओळ येते, बहुतेक दोनच अक्षरांची, तिला बॉब म्हणायचं, अन् तिच्यामागं चार आखूड ओळी, ते व्हील, आणि ह्या पाच ओळींना यमक असतं, अबअबअ असं. वर अनुप्रास, खाली यमक. त्याची पहिलीच ओळ ट्रॉयच्या वेढ्याची, तिच्यात सेज, असॉट, सेसेड असे ठोके आहेत. असॉट अ नं सुरू होतो, पण जोर सॉट वर, म्हणून तो स मधेच धरायचा. कानावर विसंबा, स्पेलिंगवर नको.

त्याच शतकातला कवी चॉसर मात्र वेगळ्या गावचा माणूस. कँटरबरी टेल्समधे त्याचा पार्सन सरळ म्हणतो की मी दक्षिणेकडचा आहे, मला ते रम, रॅम, रफ (म्हणजे ही अनुप्रासाची कविता) जमत नाही. टोमणाच आहे तो. चॉसरकडं आलात की वरचं सगळं बाजूला ठेवा अन् आता खुशाल अक्षरं मोजा, कारण इथं दहा अक्षरं, पाच ठोके, हलकं-भारी हलकं-भारी. फक्त शब्दाच्या शेवटचा ई हा उच्चारायचा, आणि पुढच्या शब्दाची सुरुवात स्वरानं होत असंल तर गिळायचा.

द ड्रॉख्ट ऑफ मार्च हाथ पेर्सेड टो द रोटे

ड्रॉख्टचा ई गिळला कारण पुढं ऑफ आहे, पेर्सेड ची दोन अक्षरं, रोटे ची दोन, मोजा, अकरा भरतात, शेवटचं अकरावं हलकं, ते चालतं. आजच्या इंग्रजीसारखं 'पिअर्स्ड' अन् 'रूट' वाचलं की ओळ लंगडी झालीच.

पेपरात लिहिताना ओळ उतरवा, थांब्याला उभी रेघ, ठोक्याच्या अक्षरावर तिरकी रेघ, जुळणाऱ्या आवाजाला गोल, चौथ्याला गोल नाही. सरावाला एक ओळ देतो. व्हिटबीच्या मठात, मठाधिपती बाई हिल्डाच्या काळात, कॅडमन नावाचा गुराखी होता, जेवणानंतर वाद्य फिरत फिरत आपल्याकडं यायला लागलं की हा गाता येत नाही म्हणून उठून जायचा, एकदा गोठ्यात झोपला असता स्वप्नात त्याला गाणं सुचलं, असं बीड नावाच्या इंग्रज भिक्षूनं 731 च्या इतिहासात लिहून ठेवलंय. त्या गाण्याची पहिली ओळ:

नू शूलॉन हेरियान, हेओवॉनरीचेस वेआर्ड

आधी स्वतः करा, मग पुढं वाचा. तिसरा ठोका हेओवॉन, आवाज ह. मागं नू अन् शूलॉन हलके, 'आता' अन् 'पाहिजे', जुळतो तो फक्त हेरियान, म्हणजे स्तुती करणं, आणि एक जुळला तरी नियम भरतो. चौथा वेआर्ड, व, मोकळा. दुसरा तुकडा कुठल्या प्रकारचा? हेओ लघु आहे म्हणून हेओवॉन मिळून एक ठोका, री अर्धा, चेस उतार, वेआर्ड ठोका, म्हणजे ई.