प्लासेंटिसेरासचा जीवाश्म कसा ओळखावा

प्लासेंटिसेरास ही अमोनाइटची, म्हणजे वेटोळ्या कवचाच्या नामशेष समुद्री प्राण्याची, एक प्रजाती. सोलापूर परिसरातला खडक हा काळा बेसाल्ट, म्हणजे थिजलेला लाव्हा असल्यामुळे त्यात समुद्री प्राण्यांचे जीवाश्म मिळत नाहीत. सीना किंवा भीमेच्या पात्रात वलये असलेली गारगोटी सापडली, तर तिला अमोनाइट समजू नये. गारगोटीतले प्रत्येक वलय स्वतःशीच मिटते; अमोनाइटच्या वेटोळ्याची रेघ मात्र बाहेरच्या तोंडापासून नाभीपर्यंत, म्हणजे मधल्या खोलगट भागापर्यंत, अखंड फिरत जाते. देवघरात चक्राचा शाळिग्राम असेल, तर घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून त्याच्यावर नजर बसवता येते, पण नेपाळच्या गंडकीतले ते अमोनाइट बहुतेक ज्युरासिक काळातले असतात. प्लासेंटिसेरास ही त्यानंतरच्या क्रिटेशियस काळातली प्रजाती. तिला हे नाव अमेरिकी जीवाश्मशास्त्रज्ञ मीक यांनी १८७६ मध्ये दिले. मध्य प्रदेशात, नर्मदेच्या खोऱ्यातल्या बाग येथील चुनखडकात ती सापडते.

नमुना हाती आल्यावर आधी मऊ ब्रश आणि साध्या पाण्याने माती काढावी. व्हिनेगर किंवा लिंबू मुळीच लावू नये, कारण आम्लाने चुनखडक विरघळतो आणि नेमका बारीक तपशील पुसला जातो. मग आकार पाहावा: कवच दोन्ही बाजूंनी चपटे, नाभी अरुंद, आतली वेटोळी बाहेरच्या वेटोळ्याने बरीचशी झाकलेली आणि बाहेरची कड अरुंद. वाढीच्या मधल्या टप्प्यात ही कड सपाट, जणू कापल्यासारखी दिसते.

तथापि केवळ आकारावरून निर्णय करू नये. माझ्या मते खरी ओळख शिवणरेषेतच आहे. कवचाच्या आतले कप्पे वेगळे करणारे पडदे जिथे कवचाला चिकटत, तिथे ही रेषा उमटते, आणि कवच झडून आतला दगडी साचा उरला असेल तरच ती दिसते. बागचे नमुने बहुधा असेच असतात, म्हणून कॅनडातल्या आल्बर्टाच्या नमुन्यांवरची इंद्रधनुषी झळाळी, जिच्यापासून अ‍ॅमोलाइट हे रत्न होते, इथे शोधू नये. नमुना खिडकीशी आडव्या उजेडात धरावा, दहापट भिंगातून पाहावा आणि बाहेरच्या कडेकडून नाभीकडे नजर न्यावी. नॉटिलस या अमोनाइटच्या आजही जिवंत असलेल्या नातलगाची शिवण साध्या वळणाची असते. प्लासेंटिसेरासची कोथिंबिरीच्या पानाच्या कडेसारखी कातरलेली असते आणि बाजूवर तिचे अनेक लहानमोठे खंड ओळीने दिसतात. पारदर्शक प्लास्टिक वर ठेवून एक पूर्ण शिवण बारीक पेनाने उतरवून घ्यावी. शेवटच्या वेटोळ्याचा तोंडाकडचा भाग, जिथे प्राणी राहत असे, तिथे शिवणी नसतात. त्या दिसल्या नाहीत म्हणून नमुना नाकारू नये.

नंतर व्यास, नाभीची रुंदी, वेटोळ्याची उंची आणि जाडी मिलिमीटरमध्ये मोजावी. कवचावरच्या गाठी एकाच जातीत कमीजास्त असतात, त्यामुळे त्यांच्यावरून जात ठरवण्याची घाई करू नये. चिठ्ठीवर गाव, खडकाचा थर आणि तारीख लिहावी, आणि संरक्षित क्षेत्रातून काहीही न उचलता तिथल्या तिथे मोजपट्टीसह छायाचित्र घ्यावे.