अमेरिकेत डॉक्टरकडे ‘आलोच आहे तर’ म्हणू नका

दर डिसेंबरात मी पार्ल्याला आईकडे येतो, तेव्हा बिल्डिंगमधलं कोणी ना कोणी अमेरिकेला निघालेलं असतंच. यंदा दुसऱ्या मजल्यावरच्या काकूंची सून. कुकरच्या रिंगेपासून हिंगापर्यंत यादी तयार. म्हटलं, हे सगळं न्यू जर्सीत मिळतं. डॉक्टरचं बिल कसं बनतं ते ऐकून घे. तिला सांगितलं तेच इथे लिहितोय.

आपल्याकडे डॉक्टर तपासतात, पुड्या बांधून देतात, पैसे सांगतात, विषय संपला. तिकडे तुमचं बिल किती होणार हे बहुतेकदा डॉक्टरलाही ठाऊक नसतं. तो कोड टाकतो, म्हणजे केलेल्या कामाचा ठरलेला नंबर. जुन्या पेशंटची साधी भेट म्हणजे ९९२१३, जरा किचकट असेल तर ९९२१४. तुमच्या केसवर त्या दिवशी किती वेळ गेला किंवा निर्णय किती गुंतागुंतीचा होता, त्यावरून कोड ठरतो.

प्रत्येक कोडला गुण असतात, त्यांना आरव्हीयू म्हणतात. त्याचे तीन भाग: डॉक्टरचे श्रम, दवाखान्याचा खर्च आणि चुकीच्या उपचाराचा दावा लागला तर त्यासाठीचा विमा. पार्ल्याचं भाडं परभणीला लावून चालत नाही, तसं मॅनहॅटनचं नेब्रास्काला. म्हणून तिन्ही भाग जागेनुसार कमीजास्त करतात. मग बेरीज, आणि त्याला डॉलरच्या एका आकड्याने गुणायचं. मेडिकेअर, म्हणजे तिकडचा सरकारी आरोग्य विमा, १९९२ पासून असाच हिशोब करतं. २०२५ साली तो आकडा होता ३२.३५. ९९२१३ च्या श्रमाचे गुण १.३०, म्हणजे जेमतेम ४२ डॉलर. बाकीचे दोन भाग धरून सगळे मिळून नव्वद डॉलरच्या आसपास. ‘डॉक्टर लुटतात’ म्हणणाऱ्या आपल्या मंडळींना हा ४२ चा आकडा मी मुद्दाम ऐकवतो.

मेडिकेअर मुख्यतः पासष्टीनंतरचं, पण बऱ्याच खासगी विमा कंपन्याही हेच गुण धरतात आणि गुणायचा आकडा करारात आपला लावतात. म्हणून कंपनीच्या कागदावर आधी ‘अलाउड’, म्हणजे करारात ठरलेली, रक्कम बघा. ‘बिल्ड’ खालचा मोठा आकडा बघून घाबरू नका. नेटवर्कमधला, म्हणजे कंपनीशी करार असलेला, डॉक्टर असेल तर हिशोब अलाउडवरच होतो. डिडक्टिबल, म्हणजे विमा सुरू होण्याआधी वर्षाला आपण स्वतः भरायची रक्कम, भरेपर्यंत मात्र ती रक्कमही तुमच्याच खिशातून जाते. न्यू जर्सीतल्या एडिसनमधले जुने लोक ‘घासाघीस करा’ म्हणतात. करारातल्या दरावर कसली घासाघीस? आयटमाइज्ड, म्हणजे बाबवार, बिल मागा आणि कोड तपासा.

आता माझी चूक. वर्षाची तपासणी विम्यात फुकट असते. पहिल्याच वर्षी गेलो, रक्तदाब बघून झाला आणि आपल्या सवयीने म्हणालो, आलोच आहे तर गुडघाही बघा. डॉक्टरबाईंनी गुडघा दाबला, वाकवला, दोन प्रश्न विचारले, व्यायाम सांगितले. महिन्याने १६४ डॉलरचं बिल. फुकटच्या तपासणीसोबत वेगळ्या तक्रारीवर खरोखर काम झालं, तर ९९२१३ ला २५ नंबरचा मॉडिफायर, म्हणजे कोडमागची जादा खूण, जोडून वेगळे पैसे लावता येतात. फोनवर वीस मिनिटं भांडलो, हरलो. नंतर माझ्या मेव्हण्याने पाठदुखीचं तेच केलं. शेजाऱ्याने ॲसिडिटीचं. मी आधी सांगूनही! गुडघा लपवा असं मी म्हणत नाही. पण तोंड उघडण्याआधी विचारा, ‘याचा वेगळा चार्ज लागेल का?’

अपॉइंटमेंट घेताना आणखी एक विचारायचं: हा दवाखाना हॉस्पिटलच्या नावावर आहे का? असेल तर डॉक्टरच्या पैशांवर फॅसिलिटी फी, म्हणजे हॉस्पिटलचा आकार, निराळी येऊ शकते.

सासूबाई सहा महिन्यांसाठी येणार असतील, तर ‘फिक्स्ड बेनिफिट’ वाला स्वस्त विमा घेऊ नका. तो प्रत्येक भेटीला ठरलेलीच रक्कम देतो, बिल कितीही येवो.